वाचकांचे प्रश्न : जपानचा सुपर कप

प्रश्न : जपानमध्ये फुटबॉल हंगामाच्या सुरुवातीला लीगविजेता आणि सम्राट चषक या बाद पद्धतीच्या स्पर्धेचा विजेता यांच्यात सामना होतो. दोन्ही एकाच संघाने जिंकले, तर समोर कोण? आणि बरोबरी झाली तर?

उत्तर : तेव्हा जे-वन या सर्वोच्च श्रेणीच्या लीगचा उपविजेता उतरतो. गाम्बा ओसाकाने २०१४ मध्ये दोन्ही किताब पटकावले, म्हणून २०१५ ला समोर उरावा आला. कोबेच्या दुहेरी यशानंतर २०२५ मध्ये हिरोशिमाला संधी मिळाली आणि त्यांनी २-० असा विजयही मिळवला. पूर्वी मात्र हा मान सम्राट चषकाच्या उपविजेत्याला असे. त्यामुळेच २००८ मध्ये दुसऱ्या श्रेणीत घसरलेला हिरोशिमा दोन्ही किताब जिंकलेल्या काशिमाविरुद्ध खेळला आणि पेनल्टीवर जिंकला! जुने निकाल वाचताना गोंधळ होतो तो इथेच.

बरोबरी झाल्यास जादा वेळ नाही. नव्वद मिनिटांनंतर थेट पेनल्टी. हंगामाच्या तोंडावर पाय अजून पुरते मोकळे झालेले नसतात, तेव्हा आणखी तीस मिनिटे न लादणे आम्हाला योग्यच वाटते.

८ फेब्रुवारी २०२० चा साइतामातला सामना जरूर पाहा. योकोहामा एफ. मारिनोस आणि कोबे, ३-३. पेनल्टीत दोघांचे पहिले दोन-दोन फटके जाळ्यात गेले, मग सलग नऊ हुकले. काही गोलरक्षकांनी अडवले, काही गोलच्या बाहेर गेले. अखेर सातव्या फेरीत होतारू यामागुचीने चेंडू जाळ्यात धाडला आणि कोबे ३-२ ने जिंकला.