२० क्रेडिट आहेत, अजून ४ घेऊ का?

प्रश्न: ताई, मी वडोदऱ्याला दांडिया बाजारात राहते, बीएस्सीचं तिसरं सेम. २० क्रेडिट आहेतच, त्यात मागचा राहिलेला ४ क्रेडिटचा पेपर पण घेऊ का? संध्याकाळी ट्यूशन्स घेते.

उत्तर: अगं, आधी तास मोज. यूजीसीच्या, म्हणजे विद्यापीठ अनुदान आयोगाच्या, हिशोबात थिअरीचं १ क्रेडिट म्हणजे आठवड्याला १ तास पण प्रॅक्टिकलचं १ क्रेडिट म्हणजे २ तास, त्यामुळे ३ थिअरी १ प्रॅक्टिकल असा पेपर ५ तास घेतो आणि असे पाच पेपर असले की कॉलेजातच २५ तास गेले. घरचा अभ्यास मिळून एका क्रेडिटला सेमभरात ३० तास धरतात, म्हणजे २० चे ६००, १५ आठवड्यांत वाटले तर आठवड्याला ४०, आणि २४ घेतलेस तर ४८! ट्यूशन्स वेगळ्याच, शिवाय गरब्याच्या नऊ रात्री याच सेममधे येतात. मला तरी हे फार वाटतं गं, तब्येतीवर येईल. हां, राहिलेल्या पेपरला परत लेक्चर्स बसायची नसतील, नुसती परीक्षाच द्यायची असेल तर मात्र खुशाल घे, फॉर्म भरायच्या आधी कॉलेजच्या ऑफिसात एवढं नक्की विचारून घे.