काटोलकडच्या तीन एकरांना काय घ्यावं: बोअर, मोठी मोटार की ठिबक?

भाऊ, तुमचा प्रश्न नीट वाचला. काटोलच्या अलीकडे तीन एकर भारी काळी जमीन, १६ फूट व्यासाची आणि ४० फूट खोल विहीर, ५ एचपीची विजेची मोटार. वडील आजवर पऱ्हाटी (कपाशी) आणि तूर करत आले, तुम्ही नागपुरात नोकरीला आहात, आणि आता तिन्ही एकरांत संत्रा लावायचा विचार आहे. दुकानदाराने साडेसात एचपीची मोटार, ३५० फूट बोअर आणि पूर्ण वावराला ठिबक असं एकगठ्ठा कोटेशन दिलं आहे. शिवाय आईच्या भाजीच्या वाफ्यांसाठी आफ्रिकेतला पायाने चालवायचा पंप आणि बादलीचं ठिबक चालेल का, असंही विचारलंय.

माझं वावर कळमेश्वर तालुक्यात आहे, जमीन तुमच्यासारखीच. २६ वर्षं ओलिताची शेती करतोय. माझं म्हणणं एवढंच की त्या कोटेशनवर सही करण्याआधी विहीर मोजा. किती झाडं लावायची हे विहीर ठरवते, मोटार ठरवत नाही.

मोजायचं असं. एप्रिलच्या शेवटच्या आठवड्यात संध्याकाळी मोटार लावून पाणी फूटव्हॉल्व्हपर्यंत, म्हणजे पाइपच्या तळाच्या झडपेपर्यंत, उतरवा आणि मोटार बंद करा. सुतळीला फुटाफुटावर गाठी मारा, टोकाला जड नटबोल्ट बांधा आणि पातळीची नोंद घ्या. सकाळी बरोबर बारा तासांनी परत तीच सुतळी सोडा. असं सलग तीन दिवस करा, कारण पहिल्या दिवशी आजूबाजूच्या मुरमातलं साठलेलं पाणीही उतरून येतं आणि आकडा फुगतो. मी तिसऱ्या दिवसाचाच आकडा धरतो. आता व्यास गुणिले व्यास गुणिले २२ करा, म्हणजे एका फुटात किती लिटर ते निघतं. तुमच्या विहिरीचं १६ गुणिले १६ गुणिले २२, म्हणजे साधारण ५,६०० लिटर. रात्रभरात दोन फूट चढली तर ११ हजार, दिवसरात्र मिळून २२ हजार लिटर. तुमची विहीर उन्हाळ्यात रोज एवढंच देणार असं धरून चाला.

५ एचपीची मोटार ४० फुटांवरून तासाला २५ हजार लिटर सहज उपसते. म्हणजे दिवसभराची आवक ती तासाभरात बाहेर काढते. साडेसात एचपी लावली तर तेच पाणी आणखी लवकर संपेल, एक लिटरही वाढणार नाही. मोटार कोरडी चालून जळायचा धोका मात्र वाढेल.

आता संत्र्याचा हिशेब. ६ बाय ६ मीटरवर एकरी ११२ झाडं बसतात. पूर्ण वाढलेल्या झाडाचा पसारा ४ मीटर धरला तर त्याखाली साडेबारा चौरस मीटर जागा येते. आपल्याकडे मे महिन्यात जमीन आणि पानं मिळून दिवसाला ८ मिलिमीटरच्या आसपास पाणी उडतं, म्हणून झाडाला रोज ८० ते १०० लिटर लागतात. ९० धरले तर एकराला रोज दहा हजार लिटर. २२ हजारांत कागदावर दोन एकर भागतात. पण कमी पावसाचं वर्ष येतंच, म्हणून मी दीड एकराच्या वर जाऊ नका म्हणेन.

इथेच बहुतेकांची फसगत होते, तेव्हा थोडं थांबून सांगतो. लावणीच्या वर्षी कलमाला दिवसाला पाच-दहा लिटर पुरतात. तीन एकरांतली सव्वातीनशे कलमं हिरवीगार दिसतात, विहीर भरलेली दिसते, आणि माणसाला वाटतं की पाणी भरपूर आहे. सहाव्या-सातव्या वर्षी झाड फळावर येतं, तेव्हा गरज दहापट झालेली असते आणि विहीर तेवढीच असते. मग घाईघाईने बोअर. आमच्या शिवारात मी हे अनेक घरांत पाहिलं, आणि माझ्या घरातही.

२०१३ साली मी १८० फूट बोअर मारलं. आधी पाणाड्याने तळहातावर नारळ ठेवून जागा दाखवली, नंतर मशीनवाल्याने ‘दोन इंची पाणी लागलं’ म्हणून सांगितलं. नळीतून पाणी उसळताना पाहून घरात सगळे रडायचे बाकी होते. तीन आठवडे ते जोरात चाललं. फेब्रुवारीत अर्ध्या तासाने हवा यायला लागली, मार्चमध्ये बंद. त्यासाठी बैलजोडी विकली होती. पुढे भूजलाची माहिती असलेल्या एका मित्राने कारण समजावलं. नागपूरच्या पश्चिमेला, म्हणजे कळमेश्वर, काटोल, नरखेड भागात खाली बेसाल्ट आहे. पाणी राहतं ते वरच्या झिजलेल्या मुरमात आणि खडकाच्या भेगांत, थरांच्या सांध्यात. खोल गेल्यावर एखादी भेग लागते, तिच्यातलं साठलेलं पाणी निघून जातं आणि परत भरायला तिला वाटच नसते. कधी तर त्याच भेगेतून शेजाऱ्याच्या विहिरीचं पाणी ओढलं जातं आणि पिढ्यांचं बोलणं तुटतं. राहिला तुमचा ३५० फुटांचा प्रश्न. भूजल कायद्याने शेतीसाठी ६० मीटरच्या, म्हणजे साधारण २०० फुटांच्या खाली जायला मनाई आहे. दुकानदाराला हे ठाऊक नसेल असं मला वाटत नाही.

बोअरच्या पैशात विहिरीतला गाळ काढा आणि मुरमाच्या थरात आडवी बोअरं मारून घ्या. हमखास पाणी वाढतंच असं नाही, पण मुरूम चांगला असेल तर तिथेच आशा आहे.

ठिबक कराच, पण ज्या दीड एकरात संत्रा लावाल तेवढ्यालाच. अनुदानाचं सांगतो. तुम्ही २ हेक्टरच्या आत आहात, म्हणजे केंद्राच्या योजनेतले ५५ टक्के आणि राज्याची भर मिळून ८० टक्के. हे टक्के सरकारने ठरवलेल्या खर्चाच्या मापदंडावर असतात, दुकानाच्या बिलावर नाही, त्यामुळे खिशातून २० टक्क्यांपेक्षा जास्त जातात. अर्ज महाडीबीटी या राज्याच्या ऑनलाइन पोर्टलवर करा आणि पूर्वसंमती हातात आल्याशिवाय एक नळीही विकत घेऊ नका. ‘मागेल त्याला सौर कृषी पंप’ ही योजना पाण्याचा स्रोत आहे पण विजेची जोडणी नाही अशांसाठी आहे, म्हणून तुम्ही त्यात बसत नाही. पण तुम्हाला गरजही नाही. दीड एकरातल्या १६८ झाडांना प्रत्येकी तासाला ८ लिटर देणारे चार ड्रिपर (थेंब सोडणारी तोंडं) लावले तरी तासाला साडेपाच हजार लिटरच लागतात. तुमची ५ एचपीच त्याला जड आहे. बायपास ठेवून जास्तीचं पाणी विहिरीत परत सोडा, नाहीतर दाबाने सांधे निसटतात.

पहिलं ठिबक मी २००८ ला बसवलं. दुसऱ्या उन्हाळ्यात ओळींच्या शेपटाकडची झाडं दुपारी पानं वळवायला लागली, मोटारीजवळची मात्र टवटवीत. मला वाटलं रोग आला. एका शेपटाची नळी कापून उभी चिरली तर आत नखाएवढा पांढरा थर बसला होता, आणि ड्रिपरच्या भोकात चुन्याचा खडा. बोटाने दाबला तर पीठ झालं. आपल्या विहिरींच्या पाण्यात चुना असतोच. दोन वर्षं एकदाही मी लॅटरलचं, म्हणजे ओळीतल्या नळीचं, टोक उघडून पाणी सोडलं नव्हतं. आता दर पंधरा दिवसांनी टोकाची घडी सोडतो, पहिलं पाणी गढूळ येतं, स्वच्छ येईपर्यंत वाहू देतो. वर्षातून दोनदा आम्ल सोडतो, रात्रभर नळ्यांत ठेवतो आणि सकाळी धुऊन काढतो. आम्ल पाण्यात ओतायचं, आम्लात पाणी कधीच नाही, आणि डोळ्यांना चष्मा हवा. महिन्यातून एकदा शेपटाच्या ड्रिपरखाली डबा ठेवून पाहा: ८ लिटरच्या ड्रिपरने १५ मिनिटांत २ लिटर दिले पाहिजेत.

ड्रिपर खोडाशी लावू नका. खोड ओलं राहिलं की बुंध्याची साल चिरते आणि डिंक पाझरतो, त्यालाच आपण डिंक्या म्हणतो. जुने लोक आळ्याला दुहेरी रिंग करायचे, आतल्या रिंगणात खोड कोरडं आणि बाहेरच्यात पाणी, ते यासाठीच. झाड वाढेल तसे ड्रिपर पसाऱ्याच्या कडेकडे सरकवा, पाणी पिणारी बारीक मुळं तिथेच असतात. काळ्या मातीत आणखी एक जपा. भेगा पडू देऊन मग ठिबक सुरू केलं तर थेंब भेगेतून सरळ खाली जातो आणि मूळ कोरडंच राहतं. आंबिया बहारासाठी, म्हणजे उन्हाळ्याआधी येणाऱ्या फुलांसाठी, डिसेंबर-जानेवारीत ताण द्याल, म्हणजे पाणी तोडाल, तेव्हा जमीन भेगाळतेच. म्हणून ताण तोडताना आधी वरची माती डवरून भेगा बुजवा, पहिलं पाणी हलकं द्या आणि मग वाढवत न्या. तुमच्या जमिनीत ताण किती दिवसांचा असावा हे अमरावती रोडवरच्या केंद्रीय लिंबूवर्गीय फळ संशोधन संस्थेत मातीची खोली सांगून विचारा. तुम्ही नागपुरातच आहात, एक रजा टाका आणि जा.

खारी आणि उंदीर एप्रिलमध्ये नळ्या कुरतडतात ते तहानेने. आमच्या घरी धुऱ्यावर (बांधावर) चार ठिकाणी मातीची भांडी भरून ठेवतात. तेव्हापासून नळ्या जोडायचं काम निम्म्यावर आलं.

उरलेल्या दीड एकरात वडिलांना पऱ्हाटी-तूर किंवा सोयाबीन-हरभरा करू द्या. तिथे एका संरक्षित पाण्यानेही, म्हणजे अडीअडचणीला दिलेल्या एकाच ओलितानेही, पीक हातात येतं, हरभऱ्याला ते घाटे भरताना द्यावं. एकरावर ५० मिलिमीटर म्हणजे २ लाख लिटर. हे पाणी विहिरीतून काढू नका, शेततळ्यातून द्या. १५ बाय १५ मीटर आणि ३ मीटर खोल तळं, बाजूंना उतार देऊन, साधारण ४ लाख ४० हजार लिटर धरतं. जागा सव्वादोन गुंठे, बांध धरून थोडी जास्त. पावसाचं वाहून जाणारं पाणी जिथे आपोआप जमतं अशा सखल कोपऱ्यात खोदा. विहिरीचं पाणी उपसून तळं भरू नका. उन्हाळ्यात तळ्यातलं पाणी सूर्य पितो, विहिरीत ते झाकलेलं असतं.

आता आईच्या वाफ्यांचं. पायपंप ही चांगली वस्तू आहे, तिला कमी लेखू नका. बांगलादेशात रंगपूरकडे गुन्नार बार्न्स या नॉर्वेजियन अभियंत्याने १९७० च्या दशकाच्या अखेरीस तो बनवला, आणि तिथे असे दहा लाखांहून जास्त पंप विकले गेले. केनियात तोच विचार ‘मनीमेकर’ नावाने शेतकऱ्यांपर्यंत पोचला. पण तो पाणी ओढून घेतो, आणि ओढायची मर्यादा सात मीटर, म्हणजे बावीस-तेवीस फूट. बांगलादेशात पाणी तेवढ्यात लागतं. तुमच्या विहिरीत एप्रिलला ते त्याच्याही खाली जाईल. मौदा, कुही, रामटेककडे जिथे बोडी (छोटं तळं) किंवा नाल्याचं पाणी हाताशी आहे, तिथल्या धान करणाऱ्या बायांना भाजीसाठी तो नक्की उपयोगी पडेल. कोहळी समाजाच्या लोकांनी शतकांपूर्वी बांधलेले मामा (माजी मालगुजारी) तलाव त्या बाजूला अजून आहेत, गाळ काढला तर किती वावरं भिजतील.

बादलीचं ठिबक मात्र तुमच्याकडे चालेल. २० लिटरची बादली मीटरभर उंचीवर टांगायची आणि खाली १५ मीटरच्या दोन नळ्या. आईसाठी मी २०० लिटरचा ड्रम सुचवेन, कारण पाणी वाहायचे हेलपाटे तिच्याच डोक्यावर येतात. ड्रम मोटारीच्या लाइनीतून थेट भरता येईल असा ठेवा. दाब कमी असतो, म्हणून वाफा सपाट हवा आणि नळ्या लांबवू नका. ड्रमच्या तोंडाला दोनपदरी सुती फडकं बांधा. धुऱ्यावरच्या लिंबाला आणि शेवग्याला मडकं पुरा: न रंगवलेलं मडकं गळ्यापर्यंत मातीत, वर झाकण, चार दिवसांनी भरायचं.

एप्रिलमधले तीन दिवसांचे आकडे आणि विहिरीचा नेमका व्यास इथे लिहा. मी झाडांचा हिशेब परत मांडून देईन. तोवर बोअरची सुपारी देऊ नका, आणि वडिलांना विचारा की गेल्या वीस वर्षांत कोणत्या उन्हाळ्यात विहिरीचा तळ दिसला होता.