काळापलीकडची भाषा ऐकणारा कान

प्रश्न : मी एक कथा लिहितोय. त्यात एक चाचणी आहे, काल्पनिकच, जिच्यात उमेदवाराला वेगवेगळ्या काळातली भाषा ‘ऐकू’ येते का ते बघतात. मी आधी गूढ आवाज, स्वप्नं वगैरे टाकलं होतं पण मित्र म्हणाला हे पटत नाही. मग पेपरात नेमकं विचारायचं काय? आणि असा कल खरंच असतो का?

उत्तर : मित्राचं ऐका, स्वप्नं काढून टाका. असा कान खरंच असतो, तयारही करता येतो आणि त्यात गूढ काही नाही म्हणूनच मला तो इतका आवडतो. नवी भाषा शिकायचा कल मोजणारी टेस्ट कॅरोल आणि सॅपॉन या दोन अमेरिकन संशोधकांनी १९५९ मध्ये काढली, त्यात एका बनावट भाषेतले आकडे नुसते ऐकवून शिकवतात आणि मग ते ऐकून लिहायला लावतात. तुम्ही तीच पद्धत घ्या, फक्त परक्या भाषेच्या जागी परका काळ ठेवा.

म्हणजे असं बघा, उमेदवाराला संस्कृत, प्राकृत, मराठी या क्रमाने शब्द द्या. सप्त, सत्त, सात. कर्म, कम्म, काम. कर्ण, कण्ण, कान. समजावून काहीच सांगायचं नाही, लगेच अद्य आणि अज्ज द्यायचे आणि पुढचा शब्द विचारायचा. कान तयार असलेला ‘आज’ म्हणणारच, कारण त्याला कळलेलं असतं की जोडाक्षरातले दोन वेगळे आवाज आधी एकसारखे झाले, मग त्यातला एक गळला आणि जाताना मागचा स्वर लांब करून गेला. मोठ्याने म्हणून बघा ना, कम्म, काम, कम्म, काम, तोंडाला लागणारा वेळ जवळजवळ तेवढाच राहतो! हजार-दीड हजार वर्षांचा बदल जिभेवर असा जाणवतो, मला तर अजूनही दर वेळी अंगावर काटा येतो.

उलट दिशेने जायचं मात्र अवघड. ‘वीज’ वरून विज्जु आणि विद्युत गाठता येईल, पण ‘काम’ दिलं तर? ‘कामधंदा’ मधलं काम कर्म पासून आलं आणि ‘कामक्रोध’ मधलं काम संस्कृतातून जसंच्या तसं आलं, दिसायला दोन्ही एकच. तेव्हा ‘आधी वाक्य दाखवा’ म्हणणाऱ्या उमेदवाराला जास्त मार्क द्या.

छापील मजकुराचा काळ ओळखायचा एखादा प्रश्नही चालेल. ‘नांव’, ‘कांहीं’, ‘केलें’ असे अनुस्वार दिसले की मजकूर बहुधा १९६२ च्या लेखन नियमांआधीचा, पण जुनं वळण न सोडलेले लेखकही होते, त्यामुळे तेवढ्यावर निकाल देऊ नये.

खरी परीक्षा अर्थाची आहे. अनोळखी शब्दाशी माणूस थांबतो, ओळखीच्या शब्दावरून सरळ पुढे जातो आणि तिथेच फसतो. मृग म्हणजे हरीण, हे आपल्याला पाठ, पण मग सिंहाला मृगेंद्र का म्हणतात? कारण मृग म्हणजे पूर्वी कुठलंही रानटी जनावर, शिकारीला मृगया म्हणतात तेही त्यावरूनच. असं थांबून बघण्यात केवढी ताकद असते याचा इतिहासात पुरावा आहे. रोमन सम्राट कॉन्स्टंटाईनने पश्चिमेची सत्ता पोपला दिली असं सांगणारं एक दानपत्र कित्येक शतकं खरं मानलं जायचं, १४४० मध्ये लोरेंझो वाल्ला या इटालियन विद्वानाने त्याची लॅटिन तपासली आणि दाखवून दिलं की ही चौथ्या शतकाची भाषाच नाही, त्यात रोमन अधिकाऱ्यांना चक्क ‘सत्रप’, म्हणजे इराणी साम्राज्यातल्या सुभेदारांचा शब्द, म्हटलंय, त्या काळचा रोमन माणूस असं लिहिणारच नाही. दानपत्र बनावट निघालं.

तुमच्या कथेसाठी एक प्रसंग सुचवतो. नायकाने आवाजाचे सगळे प्रश्न बरोबर सोडवलेत आणि शेवटचा प्रश्न अगदी साधा आहे, जुन्या धर्मशास्त्राप्रमाणे साहस करणाऱ्याला राजाने काय द्यावं? तो खुशीत ‘बक्षीस’ लिहून पेपर देऊन टाकतो. त्या ग्रंथांमध्ये साहस म्हणजे बळजबरीने केलेला गुन्हा, लूट, खून वगैरे. उत्तर आहे दंड.