गणिताचा कोपरा : ‘पैकी’च्या आधी काय आहे?

प्रश्न : माझी मुलगी बारावीत आहे. तिच्या सरावसंचातील एक उदाहरण आम्हा दोघींनाही सुटले नाही. एका गावातील १२० शेतकरी कुटुंबांपैकी ७० ऊस लावतात, ६५ सोयाबीन पेरतात आणि १५ यांपैकी काहीच घेत नाहीत. यादृच्छिक पद्धतीने निवडलेले कुटुंब ऊस लावणारे आहे असे कळले, तर ते सोयाबीनही पेरत असण्याची संभाव्यता किती? मुलीने काढलेली आकृती सोबत पाठवते आहे. तिचे उत्तर १/४ आले, तर उत्तरसूचीत ३/७ आहे. चूक कोणाची?
— एक वाचक, कराड

उत्तर : उत्तरसूची बरोबर आहे, पण १/४ हेही काही निरर्थक उत्तर नव्हे, ते एका वेगळ्याच प्रश्नाचे अचूक उत्तर आहे.

आधी आकृती पाहू. मुलीने दोन वर्तुळे काढून डावीकडच्या चंद्रकोरीत ७०, उजवीकडच्या चंद्रकोरीत ६५ आणि बाहेर १५ लिहिले, बेरीज १५० आल्यावर सारे खोडले आणि वर्तुळे जिथे एकमेकांवर येतात त्या मधल्या भागात ३० लिहिले. त्या खाडाखोडीतच उदाहरणाचा अर्धा जीव आहे. कुटुंबे १२० असताना बेरीज १५० येते, कारण दोन्ही पिके घेणारी ३० कुटुंबे एकदा उसात आणि एकदा सोयाबीनमध्ये अशी दोनदा मोजली गेली. ‘ऊस लावणारे’ म्हणजे ‘फक्त ऊस लावणारे’ नव्हे, म्हणून चंद्रकोरींत अनुक्रमे ४० आणि ३५ उरतात. जॉन वेन यांनी १८८० मध्ये मांडलेल्या या आकृत्यांत भरण्याची सुरुवात नेहमी मधल्या भागापासून करावी.

आता छेदाकडे येऊ. मुलीने ३० ला १२० ने भागले. ‘गावातील सर्व कुटुंबांपैकी दोन्ही पिके घेणारी किती’ असे विचारले असते, तर १/४ हेच उत्तर आले असते. इथे मात्र कुटुंब ऊस लावणारे आहे हे आधीच कळले आहे. म्हणजे उसाच्या वर्तुळाबाहेरची ५० कुटुंबे आपल्यापुरती संपली आणि नमुना अवकाश, म्हणजे विचारात घ्यायच्या सर्व शक्यतांचा संच, ७० वर आला. त्या ७० पैकी सोयाबीनही पेरणारी ३०, म्हणून ३०/७० म्हणजेच ३/७.

मी विद्यार्थ्यांना सूत्राआधी एक मराठी शब्द पकडायला सांगतो, तो म्हणजे ‘पैकी’. उदाहरणातील ‘असे कळले तर’ किंवा ‘दिले असता’ ही रचना मोडून वाक्य ‘पैकी’ वापरून पुन्हा लिहावे. ‘ऊस लावणाऱ्यांपैकी सोयाबीन पेरणारे किती’ असे लिहिले, की ‘पैकी’ ज्याला लागले तो गट अपूर्णांकाच्या खाली जातो. ‘सोयाबीन पेरणाऱ्यांपैकी ऊस लावणारे किती’ असा प्रश्न केला तर वरचे ३० तसेच राहतात, खाली मात्र ६५ येतात आणि उत्तर ६/१३ होते. आपल्या परिभाषेने इथे थोडा घोळही घातला आहे : दोन संचांच्या सामाईक भागाला आपण ‘छेद’ म्हणतो आणि अपूर्णांकाच्या खालच्या अंकालाही ‘छेद’च म्हणतो. सशर्त संभाव्यतेत, म्हणजे एक गोष्ट आधीच कळली असता काढलेल्या संभाव्यतेत, संचांचा छेद अंशात जातो, हे वाक्य ऐकून गोंधळलेल्या मुलांना मी दोष देत नाही.

याच आकृतीतून मुलीला आणखी एक प्रश्न घाला : ऊस न लावणाऱ्यांपैकी सोयाबीन पेरणारे किती? अशी कुटुंबे ५०, त्यांतील ३५ सोयाबीनवाली, म्हणून ७/१०. संपूर्ण गावाचा विचार केला तर हेच प्रमाण ६५/१२०, म्हणजे सुमारे ०.५४ आहे, ऊस असल्याचे कळताच ते सुमारे ०.४३ वर उतरते आणि ऊस नसल्याचे कळताच ०.७ वर चढते. या दोन घटना परस्परांपासून स्वतंत्र असत्या, तर तिन्ही आकडे सारखे आले असते. तेव्हा दोन संभाव्यतांचा थेट गुणाकार करून मधला भाग काढण्याचा मोह इथे टाळावा. तसे केल्यास ३० ऐवजी सुमारे ३८ कुटुंबे येतात आणि मग बाहेरच्या १५ चा मेळ बसत नाही.