वाचकांचे प्रश्न : डाळिंबाचा रस तुरट का होतो?

प्रश्न : लक्ष्मीपुरीतून चांगली लालभडक डाळिंबे आणून मी घरी मिक्सरमध्ये रस काढते. रंग सुरेख येतो, पण चव तुरट आणि किंचित कडवट लागते. साखर घालूनही फरक पडत नाही. फळे निवडण्यात चूक होते की रस काढण्यात?
– एक वाचक, राजारामपुरी

उत्तर : फळांना बोल लावण्याआधी मिक्सर किती वेळ फिरतो, ते पाहावे. डाळिंबाचा आंबटगोड रस दाण्याच्या बाहेरच्या मऊ गरात असतो आणि त्याच्या पोटात कठीण बी असते. सालीत व दाण्यांमधल्या पिवळसर पापुद्र्यात टॅनिन ही तुरट द्रव्ये भरपूर असतात. मिक्सर सलग फिरवला की बिया भरडल्या जातात, नजरचुकीने राहिलेले पापुद्र्याचे तुकडेही त्यांच्यासोबत वाटले जातात आणि ती चव रसात एकदा उतरली की कितीही बारीक कापडातून गाळले तरी निघत नाही. साखरेने गोडी तेवढी वाढते, तुरटपणा जागच्या जागी राहतो.

म्हणून खरी काळजी दाणे सोलतानाच घ्यावी. फळ मधोमध कापू नये, कारण त्यात पुष्कळ दाणे चिरले जातात. वरचा मुकुटासारखा भाग कापून काढावा, फळाच्या अंगावरच्या उंचवट्यांच्या रेषांवर सुरीने फक्त साल चिरावी आणि हाताने फाका उकलाव्यात. पाण्याने भरलेल्या पातेल्यात दाणे मोकळे केले तर ते तळाशी बसतात व पापुद्रे वर तरंगतात. ते काढून टाकावेत आणि दाणे चाळणीत पूर्ण निथळू द्यावेत, नाहीतर रस पाणचट होतो. काळपट किंवा तपकिरी पडलेले दाणे निष्ठुरपणे वगळावेत, कारण असे मूठभर दाणेही सगळ्या रसाची चव बिघडवतात.

यानंतर मिक्सरच वापरायचा असेल, तर बटण क्षणभर दाबून सोडावे, असे दोन-तीनदा करावे आणि दाणे फुटले की थांबावे. मला स्वतःला मात्र पुरणयंत्र अधिक पसंत आहे. स्टीलचे पुरणयंत्र असेल तर बारीक जाळी बसवून थोडे थोडे दाणे घालावेत. गर दबून रस खाली उतरतो आणि बिया बहुतांशी अखंड वर राहतात. वेळ थोडा जास्त लागतो, पण चवीतला फरक पहिल्याच घोटाला कळतो. रस पातळ सुती कापडातून गाळताना चोथा अगदी कोरडा होईपर्यंत पिळण्याचा मोह टाळावा. एक किलो फळांपासून साधारण 350 ते 400 मिलिलीटर रस मिळतो. फळानुसार त्यात कमीजास्त होईल. साखर घालू नये असे माझे मत आहे. चिमूटभर सैंधव आणि लिंबाचे चार थेंब पुरतात, आणि लिंबाच्या आंबटपणामुळे लाल रंगही अधिक खुलतो.

फळांविषयी थोडेसे. आटपाडी आणि सांगोला हे डाळिंबाचे पट्टे कोल्हापूरला जवळच आहेत, तेव्हा ताजे फळ मिळणे कठीण नाही. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाने विकसित केलेल्या ‘भगवा’ जातीचे दाणे गडद लाल व मऊ बियांचे असतात, तर ‘गणेश’ जातीचे फिकट गुलाबी. त्यामुळे रस फिका दिसला म्हणजे फळ कच्चे होते, असे समजू नये. पक्व फळ आकाराच्या मानाने जड लागते आणि अगदी गोल न राहता किंचित चौकोनी होते. झाडावरून उतरवल्यावर डाळिंब पिकत नाही, म्हणून कच्चे फळ घरी ठेवून गोड होण्याची वाट पाहण्यात अर्थ नाही.

प्रश्न : सासूबाईंना मधुमेह आहे आणि रक्त पातळ राहण्याची गोळीही चालू आहे. त्यांना रोज हा रस द्यावा का?
– एक वाचक, इचलकरंजी

उत्तर : डॉक्टरांना विचारल्याशिवाय रोजचा नेम सुरू करू नये. वॉरफॅरिनसारख्या गोळीच्या परिणामावर डाळिंबाच्या रसाचा प्रभाव पडू शकतो, म्हणून गोळीचे नाव सांगूनच विचारावे. शिवाय वरून साखर घातली नाही तरी 100 मिलिलीटर रसात सुमारे 12 ते 13 ग्रॅम साखर असतेच, आणि गाळताना चोथ्याबरोबर तंतू निघून जातात. दातांना जमत असेल तर वाटीभर रसापेक्षा थोडे दाणे चावून खाणे त्यांना अधिक सोयीचे, पण त्याचे प्रमाणही डॉक्टरांनाच ठरवू द्यावे.

प्रश्न : रस तांब्याच्या तांब्यात ठेवला तर चालेल का? आणि तो किती दिवस टिकतो?
– एक वाचक, शिवाजी पेठ

उत्तर : तांबे नको, आणि बिनकल्हईचे पितळही नको, आंबट रसात धातू उतरतो. काचेच्या बाटलीत काठोकाठ भरून झाकण घट्ट लावावे आणि फ्रिजमध्ये ठेवून दुसऱ्या दिवसापर्यंत संपवावा. जास्त फळे आली असतील तर रस काढून ठेवण्यापेक्षा अखंड डाळिंबेच फ्रिजमध्ये ठेवावीत, ती कित्येक आठवडे चांगली राहतात.