पांढऱ्या सुती कपड्यावरील गंजाचे डाग आणि लिंबूसत्त्व

घोडबंदर रोडवरील आपल्या घरी खिडकीच्या ग्रिलला टेकून वाळलेल्या पांढऱ्या शर्टावर ऐन पावसाळ्यात गंजाचे तांबूस पट्टे उमटले आणि ब्लीच लावल्यावर ते अधिकच गडद झाले, असे आपण लिहिले आहे. त्यात नवल नाही. ब्लीच ऑक्सिडीकरण करून रंग घालवते, आणि गंज म्हणजे आधीच ऑक्सिडीकरण झालेले लोखंड. त्यामुळे तिथे ब्लीचची मात्रा चालत नाही. शिवाय लोहाच्या सान्निध्यात ब्लीच सुती धाग्याला जास्त वेगाने कमकुवत करते, म्हणून अशा ठिकाणी पुढे कापड विरते.

गंजाला विरघळवणारे आम्ल लागते. जांभळी नाक्यावरच्या कुठल्याही किराणा दुकानात लिंबूसत्त्व, म्हणजेच सायट्रिक ॲसिड, सुटे मिळते आणि घरच्या कामाला तेच मला सर्वांत योग्य वाटते. मात्र त्याआधी शर्ट भरपूर पाण्यात खळबळून ब्लीचचा वास पूर्ण जाईपर्यंत धुवावा, कारण ब्लीच आणि आम्ल एकत्र आल्यास विषारी क्लोरीन वायू सुटतो. बंद न्हाणीघरात तर हा धोका मुळीच पत्करू नये.

त्यानंतर प्लास्टिकच्या वाडग्यात एक कप कोमट पाणी घेऊन त्यात चहाचा एक सपाट चमचा लिंबूसत्त्व विरघळवावे आणि डागाचा भाग अर्धा तास त्यात बुडवून ठेवावा. डागाच्या कडा आधी पिवळट होऊन पुसट होऊ लागतात, मधला गडद भाग मागाहून सुटतो. डाग जुना असल्यास ताजे द्रावण करून हीच कृती पुन्हा करावी. ब्रशने घासू नये, त्याने फक्त कापडाची लव उठते. शेवटी कापड खूप पाण्यातून काढावे, कारण आम्ल धाग्यात राहून वर इस्त्री फिरली तर सूत कमकुवत होते. रंगीत कपडा असेल तर आधी आतल्या शिवणीवर थेंबभर लावून पाहावे.

लिंबाचा रस आणि मीठ लावून उन्हात ठेवण्याच्या जुन्या उपायातही काम करते ते हेच आम्ल; जुलैत ठाण्यात ऊन कुठून आणणार, एवढीच त्यातली अडचण. ऑक्झॅलिक ॲसिड अधिक प्रभावी असले तरी ते विषारी आहे, तेव्हा लहान मुले असलेल्या घरात ते आणूच नये.

पाऊस ओसरल्यावर ग्रिल खरवडून त्यावर रेड ऑक्साइड प्रायमर आणि ऑइल पेंट मारून घ्यावा. तोवर कपडे नायलॉनच्या दोरीवर, ग्रिलपासून हातभर आत वाळत घालावेत.