फारशा माहीत नसलेल्या, पण पटकथाही लिहिणाऱ्या एखाद्या जुन्या ब्रिटिश सहायक नटाचं काम बघायचं आहे. सुरुवात कुठून करू?

माइल्स मॅलेसन (१८८८–१९६९). गळ्यात विरघळून गेलेली हनुवटी आणि चाचरत, गोंजारत बोलणं एवढं ध्यानात ठेवा, पुढच्या खेपेला श्रेयनामावली न बघता ओळखाल.

आधी १९४०चा 'द थीफ ऑफ बगदाद' बघा. शोधताना बऱ्याचदा १९२४चा मूकपट हाती लागतो, तो नव्हे. म्हैसूरचा नट साबू ज्यात आहे तो. पटकथा-संवाद मॅलेसनचे आणि बसऱ्याचा सुलतानही तोच. यांत्रिक खेळण्यांनी वेडावलेला हा म्हातारा उडत्या घोड्यापायी दुष्ट वजीर जाफरला पोटची पोर देऊन टाकतो आणि शेवटी चांदीच्या, सहा हातांच्या बाहुलीच्या मिठीतच मरतो. काम छोटं, पण त्याच्या हट्टावाचून कथा हलत नाही.

मग १९४५चा 'डेड ऑफ नाइट', अनेक भयकथा एकत्र गुंफलेला. अपघातातून वाचलेल्या मोटार-शर्यतपटूला खिडकीखाली शववाहिका दिसते आणि तिचा चालक, म्हणजे मॅलेसन, वर बघून सांगतो, आत एकाचीच जागा आहे. तोच चेहरा पुढे बसचा कंडक्टर म्हणून भेटतो. आवाज न चढवता, अगदी अदबीनं बोललेलं ते वाक्य अंगावर येतं. अमेरिकेत कापून दाखवलेल्या जुन्या प्रतीत दोन कथा गायब आहेत, ही मात्र शाबूत आहे.

'काइंड हार्ट्स अँड कॉरोनेट्स'मध्ये (१९४९) तो जल्लाद आहे. खुद्द ड्यूकला फाशी द्यायचंय म्हणून हरखलेला, त्याला कसं संबोधायचं याची तालीम करणारा! १९५८च्या 'ड्रॅक्युला'त पुन्हा मयताचं सामान बघणाराच. मरणाच्या धंद्यातली इतकी हसरी माणसं दुसऱ्या कुणी केली असतील असं मला वाटत नाही.

गंमत म्हणजे लेखक म्हणून याच विषयावर तो अजिबात हसला नव्हता. पहिल्या महायुद्धात सैन्यात भरती होऊन आजारपणामुळे परतल्यावर त्यानं 'ब्लॅक एल' आणि 'डी कंपनी' ही युद्धविरोधी नाटकं लिहिली; १९१६ साली छापलेलं पुस्तक सरकारनं जप्त केलं.

'व्हिक्टोरिया द ग्रेट' (१९३७) हा पटकथेसाठी बघायला हरकत नाही, पण घाई नको. त्यापेक्षा फ्रेंच नाटककार मोलिएरच्या नाटकांची त्यानं केलेली इंग्रजी रूपांतरं मिळवा. अत्र्यांचं 'कवडीचुंबक' ज्या नाटकावरून आलं, तेही त्यात आहे. दोन्ही शेजारी ठेवून वाचा.